शेपूट वजा करून

ये गं तन्वी, अशी जवळ सरक. बेंगळूर लांब आहे म्हणून काय झालं, वाचताना तरी माझ्या मांडीला मांडी लावून बस. आणि तो फोन आधी पालथा ठेव. तुझ्या आईनं मला सगळं सांगितलंय. परीक्षेत भागाकाराची शाब्दिक उदाहरणं आली आणि तू ती कोरी सोडून उठलीस. वर मला हसत हसत सांगतेस, "आजी, मला ना गणित जमतच नाही." हसतेस काय? सहावीतली पोर तू, अजून काय बघितलंयस म्हणून जमत नाही म्हणतेस? मला चौथीतून काढलं आणि मागाच्या धोट्यात घालायच्या सुताच्या कांड्या भरायला बसवलं. तरी तुझी ती उदाहरणं मला मांडता येतात. कुणी शिकवली ते सांगते. तो माणूस तू कधी बघितलेला नाहीस, कारण तू शहापूरच्या आपल्या घरी कधी आलीच नाहीस. दर वेळी पिरनवाडीला मामाकडे उतरता आणि मलाच तिकडं बोलावून घेता. ते का, तेही यातच येईल.

त्यांचं नाव बेनाडीकर सर. निपाणीकडचे, तंबाखूच्या मुलखातले. आमच्याकडे खोली बघायला आले त्या दिवशी घरात तुझ्या आईचं बारसं होतं. खाली माग आणि वर खोली असं आपलं घर. मी बाळाला घेऊन आत बसले होते आणि तिथूनच जावेला ओरडून सांगत होते, "अगं, शिऱ्याच्या वाट्या आत्ताच भरू नगंस. बायका किती येतात कुणाला म्हाईत? एकीला डोंगर आणि दुसरीला चाटण व्हईल!" दारात एक काटकुळा तरुण उभा होता. त्यानं ते ऐकलं, सदऱ्याच्या खिशातनं खडू काढला आणि आपल्या पत्र्याच्या दारावर लिहिलं, श ÷ ब.

तुझे आजोबा बाहेर आले. कपाळाला आठ्या. "काय वो हे? दार रंगवून महिना झाला न्हाई."

"तुमच्या घरातली अडचण मांडली," तो म्हणाला. "श म्हंजे शिरा, ब म्हंजे बायका. शिरा भागिले बायका."

"आणि उत्तर?"

"बायका जमू द्यात की. आत्ताच कसं ईल?"

तुझे आजोबा हसले. ते सहज हसणाऱ्यातले नव्हते. भाडं ठरायच्या आधी सरांच्या हातात शिऱ्याची वाटी आली. दारावरचं ते मी कित्येक दिवस पुसलं नाही.

त्या माणसाची खोडच ती. काही बोलायची सोय नव्हती. कुणी म्हणालं, एवढ्या भाकऱ्या आणि गडी किती येतात ठाऊक नाही, की यांचा खडू निघालाच. मागाच्या लाकडावर, रांजणाच्या पोटावर, पायरीच्या दगडावर, जिथं जागा मिळेल तिथं. शिंप्यानं आपल्या दुकानाच्या फळीवर लिहू दिलं नाही तर दुकानासमोरच्या रस्त्यावर लिहून आले. गल्लीतल्या बायका म्हणायच्या, "आक्का, तुझ्या भाडेकऱ्याला जरा आवर. कणीक मळतानासुद्धा बोलायची भीती वाटतीया." आणि सगळ्यांना एकच वाक्य, "आधी मांड, मग किंमत." म्हणजे आधी उदाहरणातले शब्द चिन्हांत नीट मांडून घ्यायचे आणि अक्षराच्या जागी आकडा नंतर घालायचा. पोरं उत्तराच्या मागे धावायची ते त्यांना खपत नसे. "उत्तर कुठं पळून जातंय गं? मांडलंस तर दारात येऊन बसतंय."

शाळा त्यांची सरकारी, मराठी. पण गल्लीतल्या पोरांना ते आपल्याच घरात फुकट शिकवायचे. त्या शिकवणीची वेळ ठरायची करंट जाण्यावर. चारी बाजूंनी माग चालू असले की आपल्या गल्लीत शेजारच्या माणसाचं बोलणं ऐकू यायचं नाही, तोंडाच्या हालचालीवरनं ओळखायचं. मग अचानक करंट जायचा आणि कानात दडे बसल्यासारखी शांतता व्हायची. मोठी माणसं वीजमंडळाला शिव्या देत पानपट्टीवर जायची, आणि पोरं "करंट गेलाऽऽ" करून आपल्या मागाच्या खोलीत घुसायची. सर शाळेतनं आलेले असले तर वरनं खाली उतरायचे. कुणी बीमवर, म्हणजे सूत गुंडाळायच्या रुळावर बसलंय, कुणी सुताच्या गाठोड्यावर. तुझी आई कायम एकाच जागी, खिडकीखाली, बीमला टेकून. तिला तिथं बसायला एक पाट होता. मी दाराशी कांड्या भरत बसायचे आणि कान आत. माझं सगळं शिक्षण असं, करंट नसतानाचं.

शिकवायचे कसे, ऐक. "पन्नास पेरू. पोरं किती, ठाऊक न्हाई. म्हणून पोरांना प म्हणू. एकेका पोराला किती पेरू?" एकानं लिहिलं, प ÷ ५०. सर मारायचे नाहीत. त्यांनी ते वाचलं आणि शांतपणे म्हणाले, "म्हंजे पेरवात पोरं वाटलीस व्हय रं? मग एकेका पेरवाला किती पोरं आली? चांगली धुऊन वाटलीस का?" पोरं हसून लोळली. "काय वाटायचंय ते पयलं. कुणात वाटायचंय ते मागनं. ह्यात गफलत केलीस तर पेरू पोरांना खातंय." त्यांनी पुसून लिहिलं, ५० ÷ प. मग म्हणाले, "आता पोरं आली धा. प काढ, धा घाल. किती?" पाच, पाच, असा ओरडा. "आणि पंचवीस आली तर?" दोन! "बघा, मांडणी तीच. पोरं बदलली, किंमत बदलली. मांडणी एकदाच करायची असतीया."

तुम्हा पोरांना पुस्तकातलं ते एक्स बघून धडकी भरते ना? सर म्हणायचे, अक्षर म्हणजे झाकलेला डबा. आत काय आहे ते ठाऊक नाही म्हणून रडायचं नाही. झाकलेला डबासुद्धा उचलता येतो, ठेवता येतो, चार जणांत वाटायचा ठरवता येतो. झाकण मागनं उघडायचं. पुस्तकात याला बैजिक राशी म्हणतात, ते नाव मला पुढं कळलं. मला डबा आधी कळला.

आता शेपटाचं सांगते. ते तुला ठाऊक असायलाच हवं.

एके दिवशी सरांनी आपल्याच धंद्यातलं उदाहरण घातलं. पोरांना सोपं जाईल म्हणून. "ताणा ल मीटर लांब. एका साडीला सहा मीटर लागतंय. साड्या किती? आणि ल साठ असलं तर किंमत किती?" ताणा म्हणजे मागावर चढवलेलं उभं सूत. आता तूच सांग. ल ÷ ६. साठ भागिले सहा, दहा. पण आपल्या गल्लीतल्या एकूण एक पोरानं उत्तर दिलं, नऊ. सरांना वाटलं, एकमेकांचं बघून लिहिलं. लांब लांब बसवलं. पुन्हा नऊ. तुझी आई तर मांडणीच वेगळी करून बसलेली, (ल − २) ÷ ६, आणि पुढं लिहिलेलं, नऊ साड्या आणि थोडं कापड शिल्लक.

सर पाटी घेऊन माझ्याकडे आले. "आक्का, हे दोन कुठनं आणलं ह्या पोरीनं?"

मी त्यांना मागाजवळ नेलं. ताणा संपत आला की शेवटचं सूत मागातच अडकून राहतं, बीमला बांधलेलं. ते दोनेक मीटर विणता येत नाही, कापून टाकावं लागतं. आपल्या घरात त्याला शेपूट म्हणत. आमची पोरं चालायला लागायच्या आधीपासून त्या शेपटांशी खेळत आलेली. त्यांना कुणी ताणा म्हटलं की शेपूट आपोआप वजा होणार. त्यात विचार नसतो, सवय असते.

सरांनी ते सूत हातात घेऊन ओढून बघितलं. दुसऱ्या दिवशी करंट गेल्यावर त्यांनी पोरांना सांगितलं, "मागावर नऊ, बरोबर हाय तुमचं. पर कागदावर धा. उदाहरणात जेवढं सांगितलंय तेवढंच धरायचं. न सांगितलेलं मनानं वजा करायचं न्हाई. कागदाला शेपूट नसतं."

तुझे आजोबा दारातनं म्हणाले, "मास्तर, मग तुमच्या धाव्या साडीला गिऱ्हाईक बघून ठेवू का?" सर पण हसले. पण त्या दिवसापासून कागदाला शेपूट नसतं हे वाक्य त्या खोलीत इतक्या वेळा घुमलं की मागाच्या खटखटीतसुद्धा मला ते ऐकू यायचं. सरांचं चुकलं नव्हतं गं. परीक्षेचा कागद तपासणारा माणूस आपला माग बघायला येणार नव्हता.

तुझी आई हुशार. सरांच्या मनात एकच होतं. मुलांना ठेवून घेऊन शिकवणारी एक सरकारी शाळा होती, तिथं प्रवेश परीक्षा देऊन जायचं. आपल्या गल्लीतनं तिथं कधी कुणी गेलं नव्हतं. सर म्हणायचे, "आक्का, एक जाऊ दे. एक गेलं की वाट पडतीया." ते एक म्हणजे रेखा, तुझी आई, हे सगळ्या गल्लीला ठाऊक. करंट असला तरी ते तिला वरच्या खोलीत बोलावून शिकवायचे. निपाणीला घरी जायचं असलं तर सकाळची बस सोडून दुपारची धरायचे. त्यांना स्वतःचा संसार नव्हता. लग्न झालं होतं, पण बायको वर्षाच्या आतच गेली, त्याबद्दल ते कधी बोलले नाहीत. जे काही वाटायचं होतं ते सगळं त्यांनी एकीच्याच वाट्याला घातलं. हे मला तेव्हा फार छान वाटायचं. आता वाटतं, एवढं ओझं एका अकरा वर्षाच्या पोरीच्या पाठीवर.

परीक्षेच्या दिवशी सर फाटकाबाहेर उन्हात उभे. मी डबा घेऊन त्यांच्याजवळ. पोरगी बाहेर आली ती उड्या मारतच. "सर, आपल्यासारखंच आलेलं! कापडाचं!" सरांचा चेहरा उजळला. "सांग, सांग." तिनं घडाघडा सांगितलं. ठाणात क मीटर कापड. एका सदऱ्याला तीन मीटर. सदरे किती, राशी लिहा आणि क साठ असताना किंमत काढा.

"काय मांडलंस?"

तिनं खडूसाठी हात पुढं केला. त्यांच्याकडनं खडू घेतला आणि फाटकाच्या दगडी खांबावर लिहिलं, (क − २) ÷ ३.

कापडाचं नाव निघालं आणि हातानं सवय केली. तिला कळलंसुद्धा नाही. लिहून झाल्यावर तिनं सरांच्या तोंडाकडे बघितलं आणि मग कळलं.

सर ओरडले नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं. हळूच म्हणाले, "एवढं भिताडाला शिकवलं असतं तर भिताड बोललं असतं."

आसपास दुसरी पोरं होती, त्यांचे आईबाप होते. तुझी आई रडली नाही. खडू त्यांच्या हातात परत दिला, माझा पदर धरला आणि घराकडे चालायला लागली. यादी लागली तेव्हा तिचं नाव नव्हतं. एका उदाहरणानं कुणी नापास होत नाही गं, हे मला चौथी शिकलेलीला कळतं. पण त्या दोघांना नाही कळलं. दोघंही तेच एक उदाहरण धरून बसले.

त्यानंतर करंट गेला की तुझी आई गच्चीवर जायची. खाली सगळी पोरं जमायची, सर उतरायचे, आधी खिडकीखाली बघायचे आणि मला विचारायचे, "आली न्हाई?" मी म्हणायचे, अभ्यास करतीया वर. ते मान हलवायचे. तो पाट त्यांनी तिथून उचलू दिला नाही. दुसरं एखादं पोर बसायला गेलं की, "तिथं नगं रं, ती जागा धरलीया." वर्षं गेली, पोरं बदलली, नव्या पोरांना रेखा कोण हेही ठाऊक नव्हतं. तरी त्या पाटावर कुणी बसत नसे.

मी तिला किती सांगितलं. एकदा जा, बोल. ती म्हणायची, "आई, मी रागावले नाही." खरंच नव्हती रागावली. तिला लाज वाटायची. रागावलेलं माणूस कधीतरी निवतं, पण लाजलेलं माणूस त्या जागेवर परत पाय ठेवत नाही. सरांचंही तेच. तो बोललेला शब्द त्यांना परत घेता येईना. तिच्या लग्नात आले, मांडवाच्या टोकाला उभे राहिले, अक्षता टाकल्या आणि पंगत बसायच्या आत निघून गेले. मी मागे धावले तर म्हणाले, "आक्का, बरं दिसत न्हाई. पोरीचा आनंदाचा दिवस." तुझी आई कामाला लागली, बेंगळूरला घर केलं, गाडी घेतली. हे सगळं त्या शाळेत न जाताच झालं. मी सरांना सांगितलं. ते म्हणाले, "तिनं केलं. मी न्हाई." मला वाटतं, तेच त्यांना खात होतं.

मग सगळंच उतरत गेलं. गल्लीतले माग एकेक करून बंद झाले. आपलेही गेले, भंगारवाल्यानं वजनावर नेले. तुझे आजोबा त्या दिवशी खडेबाजारात जाऊन बसले, घरी आले नाहीत ट्रक जाईपर्यंत. बघायला नको म्हणून. सरांच्या शाळेतली पोरं इंग्रजी शाळेच्या गाड्यांत बसायला लागली. मी कुणाला काय बोलू? तुलाही आम्ही तशाच शाळेत घातलं. शेवटी शेवटी सरांच्या अख्ख्या वर्गाला एक बाक पुरत होता. ते निवृत्त झाले आणि त्यानंतर थोड्याच दिवसांत शाळेला कुलूप लागलं. सर वरच राहिले. म्हणाले, "आता कुठं जाऊ आक्का?" आजोबा गेले, मामा पिरनवाडीला गेला, खाली मी आणि वर सर. आता करंट कधी जात नाही बघ. आणि गेला तरी कळत नाही, कारण गल्ली तशीही गप्पच असते. त्या शांततेत पूर्वी पोरं धावत यायची, याची मला सवय जात नाही. कधी पंखा थांबला की मी दाराकडे बघते.

गेल्या पावसाळ्यानंतर एका सकाळी सर चहाला खाली आले ते सदऱ्याची बटणं एकाला एक चुकवून. मी म्हटलं, सर, बटणं. ते माझ्याकडे बघत राहिले. उजव्या हातातनं खडू खाली पडला, आणि त्यांना वाकता येईना. दवाखान्यात नेलं. मेंदूतली रक्ताची वाट अडली, असं सांगितलं. जीव वाचला. उजवा हात गेला, बोलणं बरंचसं गेलं. डॉक्टरबाई म्हणाल्या, त्यांच्याशी बोलत राहा, त्यांच्या आवडीचं.

घरी आणून त्यांना खालीच, मागाच्या जुन्या खोलीत ठेवलं. त्यांच्या आवडीचं मला एकच ठाऊक. मांडीवर पाटी ठेवली, डाव्या हातात खडू दिला आणि म्हटलं, "सर, बारा भाकऱ्या. माणसं किती, ठाऊक न्हाई. म म्हणू." सरांनी बराच वेळ घेतला. मग वाकडंतिकडं लिहिलं, १२ ÷ म. मी आनंदानं रडले. मग विचारलं, "म चार असला तर? एकाला किती?"

काही नाही. चार हा शब्द त्यांच्यापर्यंत पोचलाच नाही. दुसऱ्या दिवशी तसंच, तिसऱ्या दिवशीही. मांडणी बरोबर, अगदी काय वाटायचं आणि कुणात वाटायचं सकट. पण अक्षराच्या जागी आकडा घालायचा म्हटलं की हात थांबतो. डबा झाकलेलाच राहतो गं. आयुष्यभर ज्यानं पोरांची झाकणं उघडली, त्याला आता एक उघडता येत नाही.

माणसांचंही तेच झालंय. मी कोण, विचारलं तर पाटीवर आ लिहितात. आक्कातला आ. निपाणीहून त्यांचा पुतण्या येतो, त्याला प. अक्षर येतं, पण त्यामागचा माणूस येत नाही. मी समोर बसलेली असते आणि ते आ कडे बघतात आणि मग माझ्याकडे, दोन्हीचा काही संबंध नसल्यासारखे. फक्त एक अक्षर ते मी न विचारता लिहितात. र. लिहितात आणि खिडकीखाली बघतात. माग नाही, बीम नाही, पण तो पाट अजून तिथंच आहे.

परवा मला काय वाटलं कोण जाणे, मी ते जुनं उदाहरण घातलं. "सर, ताणा ल मीटर. साडीला सहा मीटर. साड्या किती?" मला वाटलं, ल ÷ ६ लिहितील. हजारदा लिहिलेलं. त्यांनी आधी कंस काढला. डाव्या हातानं कंस काढायला किती वेळ लागतो ते मी बघितलं. मग ल. मग वजा. मग दोन. कंस बंद. भागिले सहा.

माझ्या हातातली भाकरी तशीच राहिली. मी म्हटलं, "सर, हे काय? कागदाला शेपूट नसतं ना?"

त्यांनी मान हलवली. नाही म्हणून. ओठ हलायला लागले, आणि कितीतरी दिवसांनी त्यांच्या तोंडून एक अख्खा शब्द आला.

"असतं."

मग त्यांनी खडू पुढं केला. माझ्याकडे नाही. खिडकीखाली, पाटाकडे. हात खाली घेईनात. मी तो खडू घेतला नाही गं. तो माझ्यासाठी नव्हता.

तेव्हा आता तुला कळलं असेल मी एवढं का लिहिलं. तुझी ती कोरी सोडलेली उदाहरणं राहू देत, ती मी तुला शिकवीन, ती अवघड नाहीत. पण हा एक शब्द तुझ्या आईनं त्यांच्या तोंडून ऐकायला हवा, आणि तो किती दिवस टिकेल मला ठाऊक नाही. काल मी तेच उदाहरण पुन्हा घातलं. सरांनी पाटीवर नुसती भागाकाराची खूण काढली, आडवी रेघ, वर एक टिंब आणि खाली एक. अलीकडे काही नाही आणि पलीकडे काही नाही. र सुद्धा लिहिला नाही.

पुतण्या येऊन सांगून गेलाय. "काकी, तुम्ही तरी किती करणार? रानातला तंबाखू निघाला की न्हेतो त्यास्नी." चांगला मुलगा आहे, हात धरून जेवायला घालील. पण तिथं त्यांना बारा भाकऱ्या आणि म माणसं कोण सांगणार? पाटीवरची ती रेघ नि टिंबं बघून म्हणतील, म्हातारा उगाच रेघोट्या ओढतोय. आणि तुम्ही मग निपाणीला गेलात तरी उशीर झालेला असेल. मला खोटी आशा दाखवता येत नाही. आत्ताही उशीर झाला असेल. तू आलीस तर तुला ते बघतील, आणि बहुतेक काहीच कळणार नाही.

तरी तुझ्या आईला हे वाचून दाखव. ती कागद बाजूला सारील, स्वयंपाकघरात जाईल, भांडी वाजवील. तू मागनं जा आणि वाचत राहा. मी सांगून ती आली नाही, तू सांग. पिरनवाडीला उतरू नका या वेळी. थेट शहापूरला या, गल्लीच्या तोंडाशी मी उभी राहते. काही बोलायचं नाही, माफी मागायची नाही कुणीच. पाटावर बसायचं आणि त्यांनी खडू पुढं केला तर तो घ्यायचा, एवढंच. तंबाखू निघायच्या आत या गं बाळा. लवकर या.